उरलेले रविवार

स्तोत्रसंहितेतले नव्वदावे स्तोत्र मोशेची प्रार्थना म्हणून ओळखले जाते. त्यात माणसाच्या आयुष्याची मर्यादा सत्तर वर्षे धरली आहे, अंगात बळ असलेच तर ऐंशी. सरकारच्या नमुना नोंदणी पाहणीनुसार २०१६ ते २०२० या काळात भारतीय माणसाचे सरासरी आयुर्मान सत्तर वर्षे होते. स्वातंत्र्याच्या सुमारास ते बत्तीस वर्षांच्या आसपास होते. म्हणजे मोशेने सांगितलेल्या मर्यादेला सरासरी भारतीय माणूस पोचला तो आत्ता, आपल्या डोळ्यांदेखत. पणजोबांना जे लाभले नाही ते आपल्याला लाभले आहे. तरीही बंगळुरूतल्या कोणत्याही मराठी ख्रिस्ती घरात जा, बेल वाजवून आत बसल्यावर पाच मिनिटांत ऐकू येते की वेळ नाही.

ख्रिस्ती माणसाने आपले आयुष्य रविवारांत मोजावे असे मला वाटते. सत्तर वर्षांचे रविवार होतात ३,६४०. तुम्ही चाळीस वर्षांचे असाल तर त्यांतले २,०८० होऊन गेले. उरले १,५६०, तेही सत्तरी गाठली तर. हा हिशेब भीती घालण्यासाठी मांडलेला नाही. मोशेला दिवसांची मोजदाद हवी होती ती शहाणपण यावे म्हणून, आणि हे शहाणपण व्हाइटफील्डला राहणाऱ्या, दोघेही नोकरी करणाऱ्या, आईवडील नगरला किंवा सोलापुरात ठेवून आलेल्या कुटुंबाला कसे आणता येईल, याचा विचार इथे करायचा आहे.

वेळेच्या नियोजनावरची पुस्तके चर्च स्ट्रीटवरच्या दुकानांत हवी तेवढी मिळतात. त्यांतल्या युक्त्या उपयोगी असतात, मी त्या नाकारत नाही. पण बहुतेकांचा रोख एकच असतो: त्याच दिवसात आणखी कामे कशी बसवायची. प्रभू येशूने असे केल्याचे शुभवर्तमानांत कुठे दिसत नाही. मार्कच्या पहिल्याच अध्यायात कफर्णहूमची संध्याकाळ आहे. सूर्य मावळल्यावर सगळे गाव शिमोनाच्या दाराशी लोटले. पुष्कळ जण बरे झाले. दुसऱ्या दिवशी अंधार असतानाच येशू उठला आणि एकांतात प्रार्थनेला गेला. शिष्य शोधत आले आणि सगळे तुझी वाट पाहत आहेत असे सांगू लागले. त्या दाराशी उभी असलेली गरज खोटी नव्हती. तरी तो तिकडे परतला नाही. आसपासच्या गावांकडे निघाला, कारण ज्यासाठी तो आला होता ते काम तिथे होते. कफर्णहूमात त्या सकाळी त्याची वाट पाहणारे लोक तसेच राहिले. आणि तीनेक वर्षांच्या सेवेनंतर, वधस्तंभाच्या आदल्या रात्री, योहानाच्या सतराव्या अध्यायातल्या प्रार्थनेत तो पित्याला सांगतो की तू दिलेले काम मी पुरे केले आहे. त्याने पुरे केले ते पित्याने दिलेले काम. समोर आलेले प्रत्येक काम त्याने पुरे केले असा दावा त्या प्रार्थनेत नाही.

पुढचे सगळे मार्गदर्शन या एका भेदावर उभे आहे. सोपवलेले काम कोणते आणि नुसते समोर येऊन पडलेले कोणते? सोपवलेले तडीस न्यायचे. समोर आलेल्यातले काही प्रेमाने करायचे, काही दुसऱ्याच्या हाती द्यायचे, बाकीचे शांत मनाने सोडायचे. सोडताना मनाला चुटपुट लागते, पण तीही देवाजवळ बोलता येते.

पंडिता रमाबाईंचे नाव मराठी ख्रिस्ती घरांना नवे नाही. पण आपण त्यांच्या कामाचा डोंगर पाहतो आणि त्यांनी काय बाजूला ठेवले ते पाहायचे राहून जाते. रमाबाई जन्माने कर्नाटकाच्या. १८५८ साली सह्याद्रीतल्या गंगामूळच्या रानात त्यांचा जन्म झाला. १८७४ च्या सुमारास दुष्काळात आईवडील गेले, १८८० मध्ये भाऊ गेला, १८८२ मध्ये पती बिपिनबिहारी मेधावी गेले, तेव्हा लग्नाला दोन वर्षेही झाली नव्हती. आयुष्य किती आखूड असते हे त्यांना कोणी शिकवण्याची गरज नव्हती. १८८९ मध्ये त्यांनी मुंबईत शारदा सदन काढले. १८९६-९७ च्या दुष्काळात मध्य प्रांतातून उपाशी मुली आणल्या, केडगावला मुक्ती सदन उभे केले. तिथल्या मुली आणि स्त्रियांची संख्या पुढे दीड-दोन हजारांच्या घरात गेली. शाळा, शेती, विणकाम, छापखाना, अंधांचे शिक्षण असा सगळा व्याप. अशा ठिकाणी चालकाच्या दाराशी कोणीतरी सतत उभे असणारच.

या व्यापातही रमाबाईंनी पंधराहून अधिक वर्षे आपल्या दिवसाचा मोठा भाग एका मेजापाशी बसून घालवला. त्यांना संपूर्ण बायबल साध्या मराठीत आणायचे होते. मराठी बायबल तेव्हा होते, पण त्याची भाषा केडगावच्या कष्टकरी बाईला झेपणारी नाही असे त्यांचे मत होते. त्यासाठी त्या उतारवयात हिब्रू आणि ग्रीक शिकल्या. मुक्तीच्या छापखान्यात तिथल्याच मुलींनी खिळे जुळवले. कारभाराचा भार त्यांनी कन्या मनोरमाबाई आणि इतर सहकारी स्त्रियांवर टाकला, कारण कारभार दुसरे कोणी पाहू शकत होते आणि हे भाषांतर त्यांच्याशिवाय होणार नव्हते. मनोरमाबाई जुलै १९२१ मध्ये वारल्या. एकुलती एक मुलगी, संस्थेची पुढची धनी. त्यानंतर रमाबाईंना जेमतेम आठ महिने मिळाले. शोक होता, संस्थेचे पुढे काय हा प्रश्न होता, शरीर थकले होते. त्यांनी हाती धरले ते मुद्रितांचे काम. शेवटची मुद्रिते हातावेगळी होण्यापुरते दिवस त्यांनी देवाकडे मागून घेतले असे मुक्ती मिशनमध्ये सांगतात. ५ एप्रिल १९२२ ला त्यांनी डोळे मिटले आणि १९२४ साली संपूर्ण बायबल छापून बाहेर आले. बंगळुरूहून मुंबईला जाणारी उद्यान एक्सप्रेस पुण्याच्या अलीकडे केडगावावरूनच जाते. पुढच्या खेपेला मुलांना खिडकीतून ते स्टेशन दाखवा आणि हे सांगा.

आपल्यापैकी बहुतेकांचे सोपवलेले काम याहून साधे असते. अंगावरचे कर्ज फेडून घर उभे करणे. सेंट जॉन्स रुग्णालयाच्या वॉर्डात रात्रपाळीला चाळीस खाटा नीट सांभाळणे. स्वतःहून काही करू न शकणाऱ्या भावाला जन्मभर जपणे. शाळेतल्या पोरांना गणिताची भीती वाटू नये असे शिकवणे. काम छोटे की मोठे हे देवाने ठरवायचे. आपण एवढेच शोधायचे की माझ्याशिवाय जे होणार नाही आणि जे देवाने माझ्या दारात आणून ठेवले आहे ते कोणते.

शोधण्यासाठी एक अख्खा दिवस काढा. घरी हे होत नाही, घरी कुकरची शिट्टी आणि कुरिअरवाला असतो. बंगळुरूत यासाठी जागा आहेत हे भाग्यच. व्हाइटफील्डला इक्युमेनिकल ख्रिश्चन सेंटर आहे, झाडीचे आवार, आणि टेक पार्कच्या गर्दीपासून फार लांब नाही. केंगेरीच्या पुढे म्हैसूर रस्त्याच्या बाजूला बेनेडिक्टाईन संन्याशांचा आशीर्वनम मठ आहे. तिथला दिवस प्रार्थनेच्या घंटांनी बांधलेला असतो: घंटा झाली की हातातले काम तिथेच थांबवायचे आणि चॅपेलमध्ये जायचे, काम कितीही महत्त्वाचे असो. कॅथलिक नसलेल्यानेही एकदा ती शिस्त जवळून पाहावी. जाण्याआधी फोन करून परवानगी आणि सोय विचारून घ्या. सोबत वही, पेन आणि पवित्र शास्त्र, एवढेच न्या. गेल्या आठवड्यात केलेली सगळी कामे आठवून लिहा, रात्री अंथरुणात पडून चाळलेल्या रील्सपर्यंत. मग प्रत्येकासमोर लिहा की ते कोणासाठी केले. काही कामांसमोर माणसाचे नाव येईल, काहींसमोर देवाचे, आणि बऱ्याच कामांसमोर नुसती भीती येईल: बॉस काय म्हणेल, सोसायटीतले काय म्हणतील, मुलगा मागे पडेल. भीतीपोटी केलेल्या कामांची यादी लांब निघाली तर नवल मानू नका. तिच्यातून एक काम या महिन्यात सोडायचे ठरवा. एकच. दहा सोडायचे ठरवणारा माणूस एकही सोडत नाही.

घरी आल्यावर ही वही नवऱ्याला किंवा बायकोला दाखवा. एकट्या राहणाऱ्यांनी पाळकांना किंवा जुन्या मित्राला दाखवावी. आपले सोपवलेले काम कोणते याबद्दल आपण स्वतःची समजूत फार लवकर घालून घेतो, आणि आपल्या आवडीचे काम तेच देवाचे असे ठरवून टाकतो. जवळचा माणूस ते एका वाक्यात उघडे पाडतो.

इथे एक अवघड गोष्ट बोलली पाहिजे. मंडळीच्या कामालाही नाही म्हणता येते. कॉयर, संडे स्कूल, युवा संघ, महिला मंडळ, पास्टोरेट कमिटी, बांधकाम निधी, आणि वर प्रत्येकाचा वेगळा व्हॉट्सॲप गट. बंगळुरूतल्या कामसू विश्वासणाऱ्यांची संध्याकाळ ऑफिस खाते आणि उरलेली देवळाच्या मीटिंगा खातात, अशी घरे मी पाहिली आहेत. मुले त्या मीटिंगांवर चिडलेली असतात, आणि पुढे देवळावरच चिडतात. एक जबाबदारी घ्या, ती मनापासून आणि वेळेवर करा, बाकीच्यांसाठी दुसऱ्या कोणाला पुढे करा. पाळकांना वाईट वाटेल. ते समजून घेतील.

आता रस्त्याकडे येऊ, कारण या शहरात रस्त्याशिवाय वेळेचा विचार होऊच शकत नाही. टॉमटॉम या कंपनीच्या २०२३ च्या वाहतूक निर्देशांकानुसार बंगळुरूत दहा किलोमीटर जायला सरासरी २८ मिनिटे १० सेकंद लागत. घर आणि ऑफिस यांत पंधरा किलोमीटर असतील तर जाऊन-येऊन जवळपास दीड तास. वर्षाचे २४० कामाचे दिवस धरले तर सुमारे ३४० तास, म्हणजे चौदा अख्खे दिवस-रात्र. सिल्क बोर्ड, मारतहळ्ळी किंवा हेब्बाळ रोज ओलांडणाऱ्याला हा आकडा कमीच वाटेल. हा वेळ वाया जातो म्हणून चिडणाऱ्यांना मी एवढेच विचारेन की तो वेळ देवाच्या हिशेबातून वगळला गेला आहे असे तुम्ही का धरून चाललात?

मेट्रोने जाता येत असेल तर मेट्रोनेच जा, भले दहा मिनिटे जास्त लागोत. पर्पल लाईन २०२३ पासून सलग व्हाइटफील्डपर्यंत धावते आणि २०२५ च्या ऑगस्टपासून यलो लाईन इलेक्ट्रॉनिक सिटी ओलांडून बोम्मसंद्रापर्यंत जाते. गाडी चालवताना डोळे आणि हात अडकलेले असतात, मेट्रोत ते मोकळे होतात. एखादे शुभवर्तमान सलग वाचायला किंवा ऐकायला घ्या. मार्कचे शुभवर्तमान मोठ्याने वाचले तर साधारण दीड तासात संपते, म्हणजे एका दिवसाच्या येण्या-जाण्यात पूर्ण येशूचरित्र. मराठी बायबल फोनवर वाचायला आणि ऐकायला मिळते. गाडी स्वतः चालवत असाल तर ऐका, पण फोनवर बोलू नका. आईशी बोलायचे असेल तर गाडी लावून बोला. आणि सगळा प्रवास कशाने तरी भरून काढायचाच असे नाही. काही दिवस कानात काहीच न घालता बसा. समोरच्या अनोळखी माणसासाठी मनात प्रार्थना करा: झोप न झालेला मुलगा, डबा मांडीवर धरलेल्या बाई, गणवेशातला सिक्युरिटी गार्ड. त्यांना कळणार नाही, आणि कळायची गरजही नाही.

हे लिहिताना एक जाणीव आहे. वेळेबद्दलचे सल्ले बहुधा ज्याचे वेळापत्रक थोडेफार स्वतःच्या हातात आहे त्याच्यासाठी लिहिले जातात. पाळीवर जाणारी नर्स, रात्री दोन वाजता अमेरिकेच्या कॉलवर बसणारा तरुण, दिवसाला ठरावीक ऑर्डरी पुऱ्या केल्याशिवाय घरी न जाणारा डिलिव्हरीवाला, यांचा रविवार त्यांच्या हातात नसतो. त्यांनी अपराधी वाटून घेऊ नये. रविवारी ड्युटी असेल तर आठवड्यातला दुसरा एखादा अर्धा दिवस प्रभूचा म्हणून राखावा आणि तो नक्की राखावा. बंगळुरूत बऱ्याच देवळांत शनिवारी संध्याकाळी किंवा मधल्या वारीही उपासना किंवा मिस्सा असते, त्याची चौकशी करावी.

ज्यांच्या हातात रविवार आहे त्यांच्यावर मात्र जास्त जबाबदारी आहे. निर्गम आणि अनुवाद या दोन्ही पुस्तकांत विसाव्याच्या दिवसाची आज्ञा वाचून पाहा. विसावा फक्त घरधन्याला दिलेला नाही. दासदासींनाही, परक्यालाही, गुराढोरांनाही त्यात धरले आहे. मग आपल्या घरी कामाला येणाऱ्या अक्कांना आठवड्याची सुट्टी आहे का? आपण उपासनेला जाऊन आल्यावर भांड्यांचा ढीग त्यांच्यासाठी ठेवतो का? उपासनेनंतर लगेच ॲप उघडून दहा मिनिटांत पोचवा म्हणणारा माणूस कोणाच्या तरी घाईवर आपला विसावा उभा करत असतो. अक्कांना रविवारची सुट्टी द्या, पगार न कापता. त्या दिवशी साधे जेवण करा, पिठले-भात किंवा आदल्या रात्री करून ठेवलेली भाजी. घरातल्या पुरुषांनी भांडी घासावीत. जिथे घरची गृहिणी सोमवारपेक्षा रविवारी जास्त राबते तिथे शब्बाथ पाळला गेला असे म्हणवत नाही.

दुपारचे दोन तास फोन एका डब्यात ठेवा, सगळ्यांचे. मुले कुरकुर करतील, पहिले दोन-तीन रविवार मोठ्यांनाच जड जातील. त्या वेळात गाणे होऊ द्या. बंगळुरूत वाढणारी आपली मुले देवळात इंग्रजी गातात, शाळेत कन्नड शिकतात, आणि ‘उपासना संगीत’ कपाटात पडून राहते. रोज झोपण्याआधी एक मराठी गीत आणि चार ओळींची मराठी प्रार्थना, याला दहा मिनिटे लागतात. दहा वर्षे केले तर मुलाच्या मनात ती गीते कायमची बसतात, आणि पुढे कुठल्या तरी परदेशी शहरात, वाईट बातमी आलेल्या रात्री, त्याला प्रार्थनेचे शब्द शोधावे लागत नाहीत. एम. जी. रोडला बायबल सोसायटी ऑफ इंडियाचे मुख्य कार्यालय आहे. आपल्या घरातल्या मराठी पवित्र शास्त्राचे पहिले पान उघडून पाहा, बहुधा तिथलाच पत्ता सापडेल. छापील प्रत घ्या, अक्षर मोठे असलेली. फोनवर वचन वाचायला बसलेला माणूस तिसऱ्या ओवीला मेसेज पाहायला जातो.

आखून ठेवलेला दिवस मोडणारी माणसे येतच राहतात, आणि इथे ख्रिस्ती माणसाने वेळेच्या पुस्तकांपासून सरळ वेगळे व्हायला हवे. याईराच्या घरी मरणपंथाला लागलेली मुलगी होती आणि येशू घाईने तिकडे निघाला होता. वाटेत बारा वर्षे रक्तस्रावाने पिडलेल्या एका बाईने त्याच्या वस्त्राला हात लावला. ती बरी झाली होती, तो न थांबता पुढे जाऊ शकला असता. तो थांबला, तिला समोर बोलावले, तिचे सगळे ऐकून घेतले, आणि तेवढ्यात याईराच्या घरून मुलगी गेल्याचा निरोप आला. शिष्यांना तेव्हा काय वाटले असेल? म्हणून दिवस आखताना रोज अर्धा-पाऊण तास रिकामा ठेवा, कोणासाठी ते ठरवू नका. लिफ्टमध्ये भेटलेल्या एकट्या काकांसाठी, सिक्युरिटी गार्डच्या मुलाच्या फॉर्मसाठी, नुकतीच नोकरी गेलेल्या सहकाऱ्यासाठी तो लागतो. सोपवलेले काम माहीत असलेला माणूसच असा निर्धास्त थांबू शकतो, कारण उरलेला दिवस कशासाठी आहे ते त्याला ठाऊक असते.

ज्यांना आठवड्यातून दोन-तीन तास काढता येतील त्यांनी मारतहळ्ळीजवळच्या करुणाश्रयमध्ये स्वयंसेवकाच्या कामाची चौकशी करावी. बरे होण्याची आशा संपलेल्या कर्करुग्णांची तिथे विनामूल्य सेवा होते. ती ख्रिस्ती संस्था नाही, आणि त्याने काही बिघडत नाही. मागडी रोडवर सुमनहळ्ळीत कुष्ठरोग्यांसाठी काम चालते. हॉसूर रोडवर लिटल सिस्टर्स ऑफ द पूअर वृद्धांना सांभाळतात. अशा ठिकाणी स्वतःला आयुष्याचा अर्थ उमगावा म्हणून जाऊ नका. तिथल्या माणसाला पाणी हवे आहे, पाय दाबून हवे आहेत, कोणीतरी शेजारी बसायला हवे आहे, म्हणून जा.

आणि आईवडील. आई पंचाहत्तरीची असेल आणि तुम्ही नाताळात आणि मे महिन्यात असे वर्षातून दोनदा गावी जात असाल, तर पुढच्या दहा वर्षांत वीस भेटी होतात, दहा वर्षे मिळाली तर. नगर भागातल्या कुटुंबांना कर्नाटक एक्सप्रेस सोयीची आहे, संध्याकाळी बंगळुरूहून सुटते आणि दुसऱ्या दिवशी नगरला पोचवते. तिसरी भेट वाढवा, सणासुदीची नसलेली. सणाला घर पाहुण्यांनी भरलेले असते आणि आई ओट्यापाशी असते. जुलैतल्या एखाद्या रिकाम्या आठवड्यात ती बोलते. ज्यांचे आईवडील गेले आहेत त्यांनी हे वाचून स्वतःला दोष देत बसू नये. गावातल्या एखाद्या मावशीला, जुन्या पाळकांना, शाळेतल्या बाईंना जाऊन भेटावे.

सोपवलेले कामही नेहमी आपल्या हातून पुरे होतेच असे नाही. रेव्हरंड नारायण वामन टिळकांचे ‘ख्रिस्तायन’ हे महाकाव्य ९ मे १९१९ ला ते गेले तेव्हा अर्धेही झाले नव्हते. ते पुढे नेले त्यांच्या पत्नी लक्ष्मीबाईंनी. लग्न झाले तेव्हा त्यांना लिहिता-वाचता येत नव्हते. टिळकांनी त्यांना अक्षरे शिकवायला घेतली त्या काळी त्या दोघांना कुठे ठाऊक होते की टिळकांचा अपुरा राहिलेला ग्रंथ याच अक्षरांतून तडीस जाणार आहे! रमाबाईंना काम पुरे करण्यापुरते दिवस मिळाले, टिळकांना मिळाले नाहीत, आणि देवाने दोघांचेही काम वाया जाऊ दिले नाही. पण टिळकांच्या मागे शिकलेले कोणीतरी होते. म्हणून पन्नाशी ओलांडलेल्या प्रत्येकाने आपण जे करतो ते कोणाला तरी शिकवायला सुरुवात करावी. संडे स्कूल वीस वर्षे चालवणाऱ्या बाईंनी यंदा एखाद्या तरुणीला सोबत घ्यावे, आणि तिची पद्धत वेगळी निघाली तर ती चालू द्यावी. हिशेब पाहणाऱ्या खजिनदारांनी वह्या कोणाला तरी समजावून द्याव्यात. आईच्या हातच्या वड्यांची कृतीसुद्धा लिहून ठेवावी.

शेवटी कागदपत्रांबद्दल, कारण याबाबतीत आपली मंडळी फार हलगर्जी आहे आणि त्याचा त्रास मागे राहणाऱ्यांना होतो. मृत्युपत्राचा विषय काढला की अभद्र बोलू नका म्हणतात. पुनरुत्थानावर विश्वास ठेवणाऱ्यांनी असे म्हणावे याचे मला दुःख होते. भारतीय ख्रिस्ती कुटुंबांना १९२५ चा भारतीय वारसा कायदा लागू होतो. मृत्युपत्र न करता माणूस गेला आणि मागे पत्नी व मुले असतील, तर एक तृतीयांश पत्नीला आणि दोन तृतीयांश मुलांना जाते. अशा वेळी आईवडिलांना कायद्याने काहीच मिळत नाही, मग ते गावी तुमच्याच पैशावर अवलंबून असले तरी. त्यांची सोय करायची असेल तर ती लिहूनच ठेवावी लागते. बँकेत किंवा म्युच्युअल फंडात नाव लावलेली व्यक्ती आपोआप मालक होते असे समजू नका. देवळाला, शाळेला किंवा दवाखान्याला काही द्यायची इच्छा असेल तर पूर्वी कलम ११८ आड येत असे. सर्वोच्च न्यायालयाने २००३ मध्ये ते रद्द केले आहे.

मृत्युपत्रावर दोन साक्षीदारांच्या सह्या लागतात. नोंदणी सक्तीची नाही, पण केलेली बरी. ज्याला मृत्युपत्रातून काही मिळणार आहे तो किंवा त्याची पत्नी अथवा पती साक्षीदार नसावा. तसे झाले तर मृत्युपत्र टिकते, पण त्या माणसाला दिलेले ते देणे रद्द होते. मंडळीतले दोन विश्वासू लोक बोलवा, चहा द्या, सह्या घ्या. त्याच कागदासोबत अंत्यविधीच्या सूचना लिहा: कोणती गीते, कोणता शास्त्रपाठ, दफन बंगळुरूत की गावी. हॉसूर रोडच्या ख्रिस्ती दफनभूमीत जागेची टंचाई आहे, तेव्हा आपल्या मंडळीची व्यवस्था कुठे आहे ते आधीच विचारून ठेवा. शेवटच्या आजारात कोणते उपचार नकोत हेही आता आगाऊ लिहून ठेवता येते. सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये हे मान्य केले आणि २०२३ मध्ये पद्धत सोपी केली: दोन साक्षीदार, आणि नोटरी किंवा राजपत्रित अधिकाऱ्याची साक्षांकित सही. मरण ओढवून घेणे आणि नुसते लांबवत राहणारे उपचार नाकारणे यांत फरक आहे. तो डॉक्टरांशी आणि पाळकांशी बोलून समजून घ्या, मग सही करा.

आणखी एक गोष्ट बहुतेकांना ठाऊक नसते. आपल्याला लागू असलेल्या कायद्यात लग्न झाले की लग्नाआधी केलेले मृत्युपत्र आपोआप रद्द होते. अविवाहित मुलाने आईच्या नावे काही लिहून ठेवले असेल तर लग्नाच्या दिवसापासून त्या कागदाला किंमत राहत नाही, तो नव्याने करावा लागतो. विधवा किंवा विधुराने पुन्हा लग्न केले, तरी हेच. लग्नाच्या धावपळीत हे कोणाच्या लक्षात राहत नाही, म्हणून पाळकांनी विवाहपूर्व समुपदेशनाच्या बैठकीतच ते वधूवरांना सांगून ठेवावे.